निळू फुले आणि साखर पट्टा : मीममध्ये वाडा उरला, कारखाना कुठे गेला?

‘वाड्यावरचा पाटील’ म्हणून फिरणाऱ्या चेहऱ्यामागे चार दशकांची कारकीर्द आहे. माळीकाम, राष्ट्र सेवा दल, लोकनाट्य, ‘सामना’ आणि ‘सिंहासन’. बारामती-इंदापूरच्या उसाच्या पट्ट्यात ती वेगळ्या नजरेने का पाहायला हवी?

डिजिटल डेस्क

बारामती / इंदापूर : सहकारी साखर कारखान्याची निवडणूक लागली, की नीरा डाव्या कालव्याच्या पट्ट्यातील व्हॉट्सअॅप ग्रुपवर दोन गोष्टी हमखास फिरू लागतात. एक, पॅनेलमधील उमेदवारांची नावे आणि चिन्ह. दुसरी, निळू फुले यांचा फोटो. डोक्यावर टोपी, अर्धवट मिटलेले डोळे, ओठांच्या कोपऱ्यात हसू आणि खाली ‘बाई, वाड्यावर या’. कधी तो विरोधी पॅनेलला चिमटा काढण्यासाठी असतो, तर कधी नुसताच गंमत म्हणून.

निळू फुले यांचे निधन १३ जुलै २००९ रोजी झाले. आज पहिल्यांदा मतदान करणारी पिढी तेव्हा पाळण्यात होती. या पिढीतील अनेकांनी त्यांचा एकही चित्रपट सलग पाहिलेला नसतो, तरी चेहरा मात्र लगेच ओळखतात. एखाद्या चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला अशी ओळख क्वचितच येते. पण या ओळखीत एक मोठी गफलत आहे. फुले यांनी पडद्यावर ग्रामीण सत्तेची दोन रूपे उभी केली. पहिले वाड्याचे, दुसरे कारखान्याचे. मीमने पहिले उचलले आणि दुसरे सोडून दिले. बारामती आणि इंदापूरच्या वाचकाला जास्त जवळचे आहे ते दुसरे.

चरित्र अभिनेता म्हणजे नेमके कोण?

चित्रपटाच्या पोस्टरवर नायक-नायिका असतात. तिकीटबारीची जबाबदारी त्यांच्यावर असते. चरित्र अभिनेता पोस्टरच्या कोपऱ्यात असतो किंवा नसतोही. बाप, मामा, सरपंच, वकील, फौजदार, सावकार अशी माणसे तो उभी करतो. त्याचे चित्रीकरण अनेकदा मोजक्या दिवसांत उरकते. त्यामुळे एका वर्षात तो बरेच चित्रपट करू शकतो. नायकाचे वय झाले की कामे कमी होतात. चरित्र अभिनेत्याचे वय वाढले की भूमिका वाढतात.

यात तोटाही आहे. एक भूमिका गाजली की पुढचे दहा निर्माते तीच मागतात. टोपी तीच, संवाद तसेच, बसण्याची खुर्चीही तशीच. निळू फुले यांच्या बाबतीत हे दोन्ही घडले. १९६८ ते २००९ अशी चार दशके ते पडद्यावर राहिले, आणि त्यातील बराच काळ त्यांना एकाच प्रकारचा माणूस रंगवावा लागला. त्या साच्यात राहूनही त्यांनी काय केले, हा या कारकिर्दीतला खरा प्रश्न आहे.

सुरुवात कुठून झाली?

नीळकंठ कृष्णाजी फुले यांचा जन्म १९३० चा. पुण्यातील सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयाच्या, म्हणजे एएफएमसीच्या बागेत त्यांनी माळी म्हणून नोकरी केली. तरुणपणीच ते राष्ट्र सेवा दलात आले आणि जेमतेम पगारातला वाटाही दलाला देत राहिले.

सेवा दलाचे कलापथक हीच त्यांची अभिनयाची शाळा ठरली. कलापथकाचे काम साधे होते. गावोगावी जायचे, मिळेल त्या पटांगणात किंवा देवळापुढे खेळ लावायचा आणि जातिभेद, हुंडा, अंधश्रद्धा, पुढाऱ्यांची लबाडी या विषयांवर लोकांना हसवत हसवत विचार करायला लावायचा. गण, गवळण, बतावणी, वग ही तमाशाची चौकट तशीच ठेवून तिच्यात नवा विषय भरायचा. १९५७ च्या निवडणुकीच्या काळात फुले यांचे ‘येरागबाळ्याचे काम नोहे’ हे वगनाट्य आले. पु. ल. देशपांडे यांच्या ‘पुढारी पाहिजे’ या वगनाट्यातही त्यांनी काम केले. पुढारी या माणसाची नक्कल करण्याचा त्यांचा सराव असा पडद्याच्या बराच आधी सुरू झाला होता.

पुढे शंकर पाटील यांचे ‘कथा अकलेच्या कांद्याची’ हे लोकनाट्य गाजले. त्यात फुले यांच्यासोबत सेवा दलातील त्यांचे मित्र राम नगरकर होते. या लोकनाट्यामुळे चित्रपटसृष्टीचे लक्ष फुले यांच्याकडे गेले. १९६८ मध्ये दिग्दर्शक अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तून ते पडद्यावर आले. या चित्रपटातील त्यांचे झेले अण्णा प्रेक्षकांच्या लक्षात राहिले. त्यानंतर दादा कोंडके यांचा ‘सोंगाड्या’ (१९७१), व्ही. शांताराम यांचा ‘पिंजरा’ (१९७२) असे त्या काळातले मोठे चित्रपट त्यांच्या वाट्याला आले.

‘पाटील’ नेमका याच काळात का गाजला?

याचे उत्तर सिनेमापेक्षा महसूल खात्याच्या कागदांत जास्त सापडते. महाराष्ट्रात १९६२ मध्ये मुलकी पाटलाचे पद रद्द करणारा कायदा झाला. पिढ्यान्‌पिढ्या वारशाने चालत आलेले अधिकार कागदावरून गेले. त्याच वर्षी १ मे रोजी जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्या सुरू झाल्या. गावातील सत्ता वारशाऐवजी मतपेटीतून येणार, असे ठरले.

कायदा एका दिवसात लागू होतो, गावातील दबदबा एका दिवसात जात नाही. पाटीलकी गेली तरी वाडा उभा होता, जमीन होती, माणसे होती. अनेक ठिकाणी तीच माणसे सरपंच झाली. फुले १९६८ मध्ये पडद्यावर आले तेव्हा खेड्यातला प्रेक्षक हा बदल रोज अंगावर घेत होता. कालचा मालक आज हात जोडून मत मागत होता, आणि निवडून आल्यावर परत मालकासारखा वागत होता. पडद्यावरच्या पाटलाला पाहून लोकांनी शिव्या घातल्या त्या केवळ अभिनयाला नव्हत्या.

हे चित्रपट खेड्यांपर्यंत पोहोचले ते मुख्यतः तंबू टॉकीजमधून. यात्रेच्या हंगामात रिळांच्या पेट्या घेऊन तंबू गावोगाव फिरत. जमिनीवर बसायचे, एका बाजूला बाया, दुसऱ्या बाजूला बापे. तमाशाप्रधान चित्रपटांना या तंबूंनी मोठा प्रेक्षक दिला. चित्रपटातला खलनायक ज्या प्रकारच्या वाड्यात राहतो, तसा एखादा वाडा तंबूपासून हाकेच्या अंतरावर असे. गावोगावच्या बायका आपल्याला शिव्याशाप देतात, हा आपल्या कामाचा पुरस्कारच आहे, असे फुले मानत.

‘सामना’मध्ये वेगळे काय होते?

‘सामना’ १९७० च्या दशकाच्या मध्यावर आला आणि १९७५ च्या बर्लिन आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात स्पर्धा विभागात दाखवला गेला. लेखन विजय तेंडुलकर यांचे, निर्मिती रामदास फुटाणे यांची आणि दिग्दर्शन जब्बार पटेल यांचे. पटेल यांचा हा पहिलाच चित्रपट. बारामती-इंदापूरला लागून असलेल्या दौंडमध्ये ते तेव्हा बालरोगतज्ज्ञ म्हणून काम करत होते.

या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत एक गंमत आहे. दिग्दर्शक बालरोगतज्ज्ञ. मास्तरांची भूमिका करणारे श्रीराम लागू कान-नाक-घसा तज्ज्ञ. मारुती कांबळेच्या भूमिकेतील मोहन आगाशे मनोविकारतज्ज्ञ. आणि या तीन डॉक्टरांसमोर हिंदूराव धोंडे पाटील म्हणून उभे असलेले निळू फुले एका वैद्यकीय महाविद्यालयातील माजी माळी.

कथा अशी : साखर कारखान्यामुळे भरभराटीला आलेल्या एका गावात एक दारुडा, जगण्यावरचा विश्वास उडालेला माजी स्वातंत्र्यसैनिक मास्तर येऊन पडतो. कारखान्याचे सर्वेसर्वा हिंदूराव त्याला आपल्याकडे ठेवून घेतात. खायला-प्यायला देतात, मोटारीतून फिरवतात, आपण उभे केलेले साम्राज्य दाखवतात. मास्तरांच्या कानावर एक नाव येते, मारुती कांबळे. सैन्यातून परतलेला हा माणूस गावातून नाहीसा झालेला असतो. त्याचे काय झाले, एवढेच मास्तर विचारत राहतात. गावात कोणी उत्तर देत नाही. शेवटी हिंदूरावांना त्या एका प्रश्नाचा हिशेब द्यावा लागतो.

इथला हिंदूराव आधीच्या पाटलांपेक्षा वेगळा आहे. त्याची सत्ता वाड्यातून आलेली नाही. त्याने कारखाना उभा केला आहे, गावात पैसा आणला आहे, लोकांना रोजगार दिला आहे. गाव त्याला घाबरते आणि त्याचे उपकारही मानते. मास्तरांशी त्याची खरीखुरी मैत्री जमते. फुले यांनी हा माणूस दुष्ट म्हणून रंगवला नाही. स्वतःच्या कर्तृत्वावर मनापासून खूश असलेला आणि म्हणूनच कोणी प्रश्न विचारू शकतो हे मान्यच नसलेला माणूस त्यांनी दाखवला. प्रेक्षकाला तो आवडू लागतो आणि मग त्याची भीती वाटते. ‘हात लावीन तिथं सोनं’ आणि ‘चोरीचा मामला’ यांच्याप्रमाणेच या भूमिकेसाठीही त्यांना राज्य पुरस्कार मिळाला.

कारखान्याचा अध्यक्ष इतका ताकदवान कसा होतो?

चित्रपटात गाव काल्पनिक आहे आणि हिंदूराव कोणा एका खऱ्या माणसाचे नाव नाही. पण ज्या व्यवस्थेवर ही गोष्ट उभी आहे, ती बारामती-इंदापूरला नीट माहीत आहे.

नीरा डावा कालवा १८८५ मध्ये सुरू झाला आणि बारामती, इंदापूरच्या अवर्षणप्रवण भागात बागायत आली. १९३० च्या दशकात वालचंद हिराचंद यांनी इंदापूर तालुक्यात खासगी साखर कारखाना काढला. त्याभोवतीच वालचंदनगर वसले. स्वातंत्र्यानंतर नगर जिल्ह्यात विठ्ठलराव विखे पाटील आणि अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने प्रवरानगरला सहकारी कारखान्याचा प्रयोग यशस्वी झाला. मग ही लाट इकडेही आली. माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगरचा छत्रपती आणि नंतर इंदापूरचे कर्मयोगी, नीरा-भीमा असे कारखाने उभे राहिले.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० नुसार सहकारात एका सभासदाला एकच मत. शेअर दोन असोत वा दोनशे. म्हणजे कागदावर ही व्यवस्था वाड्याच्या नेमकी उलट आहे. मग तिच्यात हिंदूराव तयार होण्याची जागा कुठे असते? उसाचा प्रवास टप्प्याटप्प्याने पाहिला तर ती दिसते.

पहिला टप्पा, तोड. ऊस पक्व झाल्यावर शेतात जास्त दिवस राहिला तर त्याला तुरे येतात, वजन आणि साखरेचा उतारा घटतो. तोडीची पाळी आधी लागली की फायदा, उशिरा लागली की नुकसान. पाळी कारखान्याच्या शेतकी विभागाकडून लागते.

दुसरा टप्पा, काटा. वाहन कारखान्याच्या वजनकाट्यावर जाते. शेतकऱ्याच्या वर्षभराच्या कष्टाचा आकडा तिथे ठरतो.

तिसरा टप्पा, पैसे. ऊस नियंत्रण आदेश, १९६६ नुसार ऊस दिल्यापासून १४ दिवसांत पैसे देणे बंधनकारक आहे. मात्र पहिली उचल किती, पुढचा हप्ता कधी, अंतिम दर किती हे संचालक मंडळाच्या निर्णयाशी जोडलेले राहते. विकास सोसायटीचे पीककर्जही उसाच्या बिलातून वळते होते.

चौथा टप्पा, नोकरी आणि संस्था. कारखान्यात घरातला एक जण कामाला असतो. त्याच परिसरात शाळा-महाविद्यालय, दूध संघ, पतसंस्था, बाजार समिती असते आणि अनेक ठिकाणी या सगळ्यांच्या संचालक मंडळांत फिरून फिरून तीच नावे दिसतात.

या चारही टप्प्यांवर कोणाला धमकी देण्याची गरज पडत नाही. पाळी आठ दिवस पुढे गेली, एवढेही पुरते. म्हणून हिंदूराव आवाज चढवत नाही. त्याला चढवावा लागतच नाही.

याची दुसरी बाजूही तेवढीच खरी आहे. सहकाराने उसाला हक्काचा गिऱ्हाईक दिला, खासगी मालकाच्या दारात ताटकळणे थांबवले, उपसा सिंचन योजना आणि कॉलेजे उभी केली. ज्या घरातून कोणी दहावीच्या पुढे गेले नव्हते, त्या घरांतून इंजिनिअर निघाले. ‘सामना’ हे नाकारत नाही. गावाचे भले झाले आहे हे मान्य करूनच तो विचारतो, की भले करणाऱ्याला प्रश्न विचारायचा हक्क कोणाला आहे?

फुले पडद्यावर नेमके काय करत?

खलनायक म्हटले की आरडाओरडा, लाल डोळे आणि गडगडाटी हसू अशी त्या काळातील सर्वसाधारण पद्धत होती. फुले यांनी उलट वाट धरली.

त्यांचा आवाज मुळातच घोगरा. तो ते आणखी खाली आणत, त्यामुळे समोरच्याला कान देऊन ऐकावे लागे. जो माणूस दुसऱ्याला कान द्यायला लावतो, त्याच्या हातात प्रसंग येतो. वाक्याच्या मध्येच थांबायचे, समोरच्याच्या चेहऱ्यावर काय उमटते ते पाहायचे आणि मग उरलेले वाक्य पूर्ण करायचे, ही त्यांची दुसरी लकब. डोळे अर्धवट मिटलेले, पण नजर हलत नाही. हातांना काहीतरी बारीक काम असते, पान, सुपारी, काठी किंवा धोतराचा सोगा. बोलणे मवाळ आणि हात निवांत, म्हणून वाक्यातली दहशत जास्त जाणवते.

याचे मूळ कलापथकात आहे. उघड्या पटांगणात, कमी उजेडात शेवटच्या माणसापर्यंत पोहोचायचे तर वेळेचे भान पक्के लागते. बतावणीत समोरच्या सोंगाड्याचे वाक्य पडले, लोक हसले, हसू ओसरू लागले की पुढचे वाक्य टाकायचे. फुले यांनी हे भान पडद्यावर आणले आणि हशाच्या जागी शांतता ठेवली.

ते एकाच साच्यात अडकले का?

बऱ्याच अंशी, हो. सत्तर आणि ऐंशीच्या दशकातील ग्रामीण चित्रपटांत त्यांना पुन्हा पुन्हा सरपंच, सावकार, पाटील अशाच भूमिका आल्या. त्यातील काही चित्रपट आज कोणाला आठवतही नाहीत. पण संधी मिळाली तेव्हा त्यांनी तो साचा मोडला.

रंगभूमीवर १९७२ मध्ये तेंडुलकरांचे ‘सखाराम बाईंडर’ आले. दिग्दर्शन कमलाकर सारंग यांचे. नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांना घरात आणून आपल्या अटींवर ठेवणारा, तोंडाने फाटका आणि स्वतःच्या मते सरळमार्गी असा सखाराम फुले यांनी उभा केला. चंपाच्या भूमिकेत लालन सारंग होत्या. तेरा प्रयोगांनंतर नाटकाला परवानगी नाकारण्यात आली आणि प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले. न्यायालयाच्या निकालानंतर नाटक परत रंगमंचावर आले.

‘सिंहासन’ (१९७९) हे दुसरे टोक. अरुण साधू यांच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या कादंबऱ्यांवरचा हा चित्रपटही जब्बार पटेल यांचाच. अरुण सरनाईक मुख्यमंत्री, श्रीराम लागू त्यांच्या खुर्चीवर डोळा ठेवून असलेले अर्थमंत्री विश्वासराव दाभाडे. फुले मात्र सत्तेच्या बाहेर, पत्रकार दिगू टिपणीस. मंत्र्यांच्या दालनातून, युनियनच्या कचेरीतून, चाळींतून फिरत तो सगळे पाहतो आणि टिपून घेतो. इतके पाहिल्यावर शेवटी त्याचा तोल सुटतो. ‘सामना’त प्रश्नाला घाबरणारा नट चार-पाच वर्षांनी प्रश्न विचारणाऱ्याच्या भूमिकेत आला, आणि प्रश्न विचारून काय हाती लागते हेही त्याने दाखवले.

हिंदीत ‘कुली’ (१९८३), ‘मशाल’ (१९८४) असे मोठे चित्रपट त्यांनी केले. महेश भट यांच्या ‘सारांश’ (१९८४) मधील राजकारणी गजानन चित्रे हा हिंदूरावाचा शहरी भाऊ म्हणता येईल. मुंबईतल्या एका निवृत्त मास्तरांच्या घरावर तो दबाव आणतो. इथेही समोर मास्तरच, इथेही आवाज खालीच.

नाटकातील अभिनयासाठी १९९१ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

पडद्याबाहेरचा माणूस कसा होता?

पडद्यावर ज्यांनी आयुष्यभर मालकी गाजवली, ते पडद्याबाहेर चळवळीतला कार्यकर्ता म्हणून जगले. सेवा दलाचे संस्कार त्यांनी सोडले नाहीत. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात ते सहभागी होते. पूर्णवेळ सामाजिक काम करणाऱ्यांना मानधन मिळावे यासाठी डॉ. लागू आणि सहकाऱ्यांनी ‘सामाजिक कृतज्ञता निधी’ उभारला. त्यासाठी आचार्य अत्रे यांच्या ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग गावोगावी लावले गेले. ‘सामना’तले मास्तर आणि हिंदूराव या दौऱ्यात एकाच बाजूने उभे होते.

२००९ मध्ये आलेला ‘गोष्ट छोटी डोंगराएवढी’ हा शेतकऱ्यांच्या प्रश्नावरचा चित्रपट त्यांच्या अखेरच्या कामांपैकी एक. त्याच वर्षी अन्ननलिकेच्या कर्करोगाने पुण्यात त्यांचे निधन झाले.

मग मीमची अडचण काय?

मिमिक्री कलाकारांनी फुले यांचा आवाज घरोघरी नेला. नंतर मोबाइल आला आणि तो आवाज एका वाक्यापुरता उरला. ‘बाई, वाड्यावर या’ या वाक्यात एक बाई आहे, जिला बोलावले जात आहे, आणि नकार देण्याची मुभा तिला नाही. चित्रपटात ती गोष्ट प्रेक्षकाला चीड यावी म्हणून असायची. मीममध्ये ती विनोद झाली. वर्गातील मुलीला, ऑफिसातील सहकारी महिलेला, निवडून आलेल्या महिला सरपंचाला उद्देशून हेच वाक्य टाकले जाते, तेव्हा फुले यांनी उभा केलेला खलनायक जिंकलेला असतो.

दुसरे नुकसान कमी दिसते, पण साखर पट्ट्यासाठी ते मोठे आहे. वाड्याचा पाटील आता जुना झाला. त्याच्यावर हसायला कोणाला भीती वाटत नाही. कारखान्याचे तसे नाही. गेल्या काही वर्षांत पट्ट्यात खासगी कारखाने आले, वजनकाटे डिजिटल झाले, उसाचे पैसे थेट बँक खात्यात येऊ लागले. तरी तोडीची पाळी, काटा, उचल आणि नोकरी यांचे गणित अजून चालूच आहे. वार्षिक सर्वसाधारण सभेत एखादा सभासद माइक हातात घेऊन ताळेबंदातील एका रकमेचा खुलासा मागतो, तेव्हा सभामंडपात जी शांतता पसरते ती ‘सामना’तलीच आहे.

त्यांच्यानंतर ही जागा कोणी घेतली?

नगरचे सदाशिव अमरापूरकर ‘अर्धसत्य’ (१९८३) मधील रामा शेट्टी म्हणून देशाला माहीत झाले. तिथेही दहशत मवाळ बोलण्यातूनच येते. साताऱ्याकडचे सयाजी शिंदे यांनी पाटबंधारे खात्यात पहारेकरी म्हणून नोकरी केली होती; ‘शूल’ (१९९९) मधील बच्चू यादवनंतर ते तेलुगू, तमीळ चित्रपटांतील मोठे चरित्र अभिनेते झाले. माळी आणि पहारेकरी, दोघेही गावसत्तेला खालून पाहिलेले. खुर्चीवर बसलेला माणूस कसा दिसतो, हे समोर उभे राहणाऱ्याला जास्त बारकाईने माहीत असते.

पाहायला सुरुवात कुठून करावी?

ज्यांनी फुले यांना फक्त मोबाइलवर पाहिले आहे, त्यांच्यासाठी तीन चित्रपट पुरेसे आहेत, शक्यतो याच क्रमाने.

‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) : लोकनाट्यातून नुकताच आलेला नट. गाव, भानगडी आणि तमाशाची चौकट.

‘सामना’ : हिंदूराव पहिल्यांदा मास्तरांना आपले साम्राज्य दाखवायला नेतात तो भाग नीट पाहावा. त्यात धमकीचा एक शब्द नाही.

‘सिंहासन’ (१९७९) : दिगू टिपणीस बोलतो कमी, पाहतो जास्त. पूर्ण चित्रपटभर त्याच्या डोळ्यांकडे लक्ष ठेवावे.

हे तिन्ही पाहून झाल्यावर कारखान्याच्या पुढच्या सभेचा अहवाल घरी येईल. तो बहुतेक घरांत न उघडताच रद्दीत जातो. या वेळी उघडून त्यातले ताळेबंदाचे पान वाचायला हरकत नाही. प्रश्न तिथूनच विचारता येतात.